राकेलेचा हात आणि मेनाची जीभ

मिनोरीच्या चौकात उभं राहून कुणी ‘मेना’ अशी हाक मारली, तर निदान सहा खिडक्या उघडतात. सांता त्रोफिमेना ही गावाची रक्षणकर्ती संत, त्यामुळे घराआड एक त्रोफिमेना असतेच, आणि सगळ्यांना हाक मारायची ती ‘मेना’ म्हणूनच. मग ओळखायला प्रत्येकीला काहीतरी शेपूट जोडावं लागतं. पाववाली मेना, पोस्टातली मेना, घाटावरची मेना. ही आपली मेना म्हणजे ‘जिभेची मेना’. बाहेरच्या माणसाला वाटेल, भांडकुदळ असेल म्हणून हे नाव पडलं. तेही अगदीच खोटं नाही. पण मूळ कारण निराळं होतं. तिच्या जिभेला जे कळायचं, ते गावात दुसऱ्या कुणालाच कळत नसे.

आमच्याकडे घरोघरी लिमोंचेल्लो होते, म्हणजे लिंबाची गोड दारू. जेवणानंतर अंगठ्याएवढ्या पेल्यातून घ्यायची, गारेगार. करायला लागतात चारच जिनसा, लिंबाची साल, स्पिरिट, साखर आणि पाणी. चारच असल्यामुळे प्रत्येकीला वाटतं की आपलीच गावात सरस. खरी कसोटी असते सालीची. सुरीनं वरचं पिवळं तेवढं उचलायचं, खालच्या पांढऱ्याला धक्का लावायचा नाही. पांढरं एकदा स्पिरिटमध्ये उतरलं की कडवटपणा येतो, आणि मग वर पोतंभर साखर ओतली तरी तो हटत नाही. यावरून आमच्या बोलण्यातच एक शब्द रुळलाय. कुणाच्या गोड बोलण्याआड टोमणा असला, की बाया एकमेकींकडे बघून म्हणतात, “हिच्या बोलण्याला पांढरं लागलंय.” मिनोरीत कित्येक सोयरिकी या एका वाक्यावर फिसकटल्या आहेत.

मेना आणि तिची थोरली बहीण राकेले वाढल्या वर तोरे वाडीत, गावापासून चारशेवर पायऱ्या चढून. डोंगराला दगडी बांध घालून ताली केलेल्या, त्यावर चेस्टनटच्या खांबांचे मांडव आणि मांडवाखाली वीतभर लांबीची टोकदार लिंबं. बाप साबातो मांडव बांधायचा. आई ‘मुंगी’ होती. पन्नास-पन्नास किलोच्या टोपल्या खांद्यावर घेऊन त्या पायऱ्या उतरणाऱ्या बायांना तेव्हा मुंग्या म्हणत. दिवसाला सात-आठ खेपा व्हायच्या. आईची मान म्हातारपणी उजवीकडे कललेलीच राहिली, फोटोसाठीसुद्धा सरळ झाली नाही.

आईनंच दोघींची वाटणी केली होती. राकेलेच्या हातात सुरी द्यायची, मेनाच्या तोंडात चमचा. राकेलेची साल इतकी पातळ निघायची की वर्तमानपत्रावर ठेवली तर खालची अक्षरं दिसत. आणि मेना चमचाभर चाखून सांगायची की लिंबं सावलीतल्या झाडाची आहेत, नाहीतर परवा तोडलेली आहेत. एकदा, मेना बारा वर्षांची असताना, तिनं चाखलं आणि म्हणाली, “राकेले, आज तुझा अंगठा दुखतोय का?” राकेलेनं अंगठा पुढे केला. नखाखाली लाकडाची बारीक काडी शिरली होती आणि तिनं ती कुणालाच दाखवली नव्हती. आई त्या दिवशी हसून हसून खाली बसली. राकेलेचा हात आणि मेनाची जीभ, दोघी मिळून एक बाई होते, असं ती आल्यागेल्याला सांगायची.

पुढे राकेलेनं वाडीतल्याच पांतालेओनेशी लग्न केलं आणि ती वरच राहिली. मेनानं होडीवाला आन्येल्लो पत्करला आणि ती खाली समुद्राशी आली. तरी दर वसंतात दोन दिवस ती वर जायची. राकेलेच्या स्वयंपाकघरात बसून एकीनं सोलायचं, दुसरीनं चाखायचं आणि दोघींनी मिळून सगळ्या वाडीची निंदा करायची. असं चौतीस वर्षं चाललं. चौतीस वर्षांत दोघींत एकदाही भांडण झालं नाही. मेनाच्या बाबतीत ही गोष्ट नोंद करण्यासारखी आहे, कारण तिचं पाववाल्या मेनाशी दर आठवड्याला वाजायचं.

एक गोष्ट मात्र मेनाच्या मनात सलत होती. बापानं मरताना पाण्याच्या टाकीजवळची ताल मेनाच्या नावावर केली. तोरेत पाणी ज्याचं, त्याचीच लिंबं, बाकीच्यांनी पावसाकडे डोळे लावायचे. राकेलेच्या वाट्याला वरची कोरडी ताल आली. कागदावर अंगठा उठवताना म्हातारा म्हणाला होता, “का, ते राकेलेला विचार.” मेनानं विचारलं नाही. विचारलं आणि राकेलेनं ‘अर्धी मला दे’ म्हटलं तर काय, या भीतीनं ती गप्प बसली. राकेलेही कधी बोलली नाही. न बोलणाऱ्या माणसाची धास्ती जास्त असते. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं मेनाचं झालं होतं. राकेले एक ना एक दिवस हे बोलून दाखवणार, याकडेच ती कान लावून बसलेली होती.

मेनाच्या मुलीचं, इम्माचं लग्न जूनमध्ये ठरलं. त्या वसंतात राकेले म्हणाली, या वर्षी तू तुझ्या गडबडीत आहेस, वर येऊ नकोस, लग्नाची लिमोंचेल्लो मी करून पाठवते. लग्नाला दोन दिवस असताना पांतालेओने सहा मोठ्या बाटल्या घेऊन खाली आला. सोबत एक छोटी बाटली होती, औषधाची असते तेवढी, बुचाला सुतळी बांधलेली. ही एकट्या मेनासाठी आहे, तिनं ती एकटीनं चाखावी, एवढाच निरोप होता.

मेनानं आधी मोठी फोडली. ती अव्वल होती. मग छोटी फोडली, चमचाभर तोंडात घेतली आणि तिचा चेहरा उतरला. दारू कडू होती. चुकून लागली म्हणावं अशी कडू नव्हती, पांढरंच पांढरं उतरलं होतं. सगळ्या वऱ्हाडाला गोड आणि सख्ख्या बहिणीला निराळ्या बाटलीतून पांढरं, तेही सुतळी बांधून, निरोप देऊन. आमच्या गावात याचा अर्थ शेंबड्या पोरालाही कळतो. मेना म्हणाली की बरोबर मुहूर्त साधला हिनं, इतकी वर्षं टाकीचं मनात ठेवून पोरीच्या लग्नात काढलं.

आमच्याकडे रीत अशी आहे की कुणाच्या घरून आलेलं भांडं रिकामं परत करायचं नाही, त्यात आपलं काहीतरी घालून द्यायचं. रिकामं पाठवणं हा उद्धटपणा झाला. आणि भरलेलं तसंच परत पाठवणं म्हणजे नातं संपलं. मेनानं फोडलेल्या दोन्ही बाटल्यांना बुचं बसवली आणि आन्येल्लोला सांगितलं, सातही वर नेऊन दारात ठेव, आत जाऊ नकोस, बोलू नकोस. आन्येल्लो गरीब माणूस. समुद्रावर वादळाला न भिणारा, पण घरात वाऱ्याची दिशा बघून वागणारा. एकदा म्हणाला, “अगं, विचारून तरी बघ तिला.” मग बायकोकडे बघून त्यानं टोपली उचलली.

राकेले लग्नाला आली नाही. बघा, आली नाही, म्हणजे खरंच होतं, असं मेना म्हणाली. आणि त्या दिवसापासून तिच्या घरात ते नाव घ्यायचं नाही असा कायदा झाला.

आठ वर्षं गेली. चौथ्या वर्षी पांतालेओने वारला. मेना चर्चमध्ये गेली, पण शेवटच्या बाकामागे उभी राहिली आणि सांत्वनाच्या रांगेत न लागता निघून आली. तिनं राकेलेला लांबून पाहिलं होतं. सगळे हात मिळवत होते आणि ही बाई दोन्ही हात कोटाच्या खिशात घालून उभी, नुसती मान हलवत होती. नवरा गेला तरी ताठा गेला नाही, असं मेना घरी येऊन म्हणाली. पुढे कुणीतरी सांगायला लागलं की राकेले हल्ली थरथरते, घराबाहेर पडत नाही. मेनानं बोलणाऱ्याला मध्येच तोडलं, म्हणाली, म्हातारपण कुणाला चुकलंय, माझेही गुडघे वाजतात.

तिची स्वतःची लिमोंचेल्लो या काळात कशी होत होती, हे तिलाच ठाऊक. आता सोलायचंही तिलाच होतं आणि तिचा हात जाड. दरवर्षी थोडं पांढरं यायचंच. ती साखर वाढवायची. शेजारणी मिटक्या मारून पीत आणि वाखाणत. मेना मान डोलवायची, आणि एकटी असली की पेला मोरीत ओतायची. राकेलेची आठवण यायची नाही असं नव्हतं. वसंत आला की तिला करमत नसे, आणि करमत नाही म्हणून ती पाववाल्या मेनाशी आणखी भांडायची.

आठव्या वर्षी, नोव्हेंबर सरत असताना, मासळीच्या गाडीपाशी राकेलेची मुलगी ओर्सोला भेटली. ती सहसा मावशीला टाळायची. त्या दिवशी रांगेत दोघी मागेपुढे आल्या, टाळायला जागाच नव्हती. मेनानं बोटाएवढ्या बारीक मासळीकडे बघत, जणू मासळीलाच विचारल्यासारखं विचारलं, आई कशी आहे. ओर्सोलानं सांगितलं की आता आईला घासही भरवावा लागतो, पाणीसुद्धा पूड घालून दाट करून द्यावं लागतं, नाहीतर ठसका लागतो. मग ती सहज बोलून गेली की नऊ वर्षं होत आली या दुखण्याला, इम्माच्या लग्नाआधीच हात गेला होता आईचा, आम्हाला कळलं दोन वर्षांनी.

मेनानं मासळीवरची नजर काढली. लग्नाआधी कसा गेला असेल, म्हणाली, लग्नाच्या बाटल्या तिनंच केल्या होत्या.

“मी केल्या, मेनामावशी,” ओर्सोला म्हणाली. “मनगट मुरगळलंय म्हणाली आणि सगळी साल माझ्याकडून काढून घेतली. डोक्यावर उभी राहून, एकेक साल तपासून. छोटी तेवढी तिनं स्वतः केली. चार लिंबं सोलायला अख्खी दुपार लावली, आणि दार लावून घेतलं होतं. मी बाहेरून विचारलं तर म्हणाली, हे माझं आणि मेनाचं आहे.”

मेना मासळी न घेताच घरी आली. खुर्चीत बसली. मग उठली, यंदा स्वतः केलेली एक बाटली पिशवीत टाकली आणि तोरेच्या पायऱ्या चढायला लागली. एकाहत्तर वर्षांचे गुडघे, दर वळणावर थांबावं लागत होतं. थांबली की ती मनातल्या मनात वाक्य जुळवायची. तुझा हात बिघडला होता, मला काय ठाऊक, मला वाटलं मुद्दाम केलंस. माफ कर. वाक्य काही मोठं नव्हतं, पण तिला ते शंभर वेळा घोकावं लागलं, कारण माफ कर हा शब्द तिच्या तोंडाला नवा होता.

राकेले खिडकीपाशी खुर्चीत होती. मांडीवर उशी आणि उशीवर दोन्ही हात. ते हात सतत हलत होते, काही सोलत असल्यासारखे. बहिणीला पाहून तिचा चेहरा बदलला नाही. या दुखण्यात चेहरा हलत नाही, हे मेनाला नंतर कळलं. तेव्हा तिला वाटलं की आता ही आपल्याला घराबाहेर काढणार. तिनं उभ्याउभ्याच घोकलेलं वाक्य म्हणून टाकलं.

“तुझा हात गेला होता हे मला ठाऊक नव्हतं गं. मला वाटलं, तू मुद्दाम कडू पाठवलीस.”

“मुद्दामच पाठवली,” राकेले म्हणाली.

आवाज इतका बारीक की मेनाला खाली वाकावं लागलं. राकेले एकेक शब्द उचलून ठेवावा तशी बोलत होती. मध्ये थांबायची, गिळायची, परत सुरू करायची. हा कंपवात आहे, असं सालेर्नो शहरातल्या डॉक्टरनं तिला लग्नाच्या वर्षी मार्चमध्ये सांगितलं होतं. पांतालेओनेला सांगण्याचा धीर झाला नाही, पोरीला सांगवलं नाही. मेनाला सांगावं म्हणून ती दोनदा खाली येऊन गेली होती. दोन्ही वेळा मेना लग्नाच्या धांदलीत, घरात चार बाया बसलेल्या.

“म्हटलं, तोंडानं नको,” राकेले म्हणाली. “चार लिंबं सोलते नि पाठवते. मेना चाखेल, तिला कळेल. अंगठ्यातली काडी कळली होती तुला. हे नाही कळणार?”

मेनानं हातातली पिशवी खाली ठेवली.

“संध्याकाळी कॉफी चढवून बसले होते. तू येशील म्हणून. पावलं वाजली. दार उघडलं तर आन्येल्लोची पाठ. मला वाटलं, कळलंय हिला. आणि आजारी बहीण नकोय लग्नात.”

खुर्ची जवळ असूनही मेना जमिनीवरच बसली. सबंध मिनोरीत ती बाटली वाचू शकेल अशी एकच जीभ होती, आणि तिच्याकडेच ती पाठवली होती. तिला कडू कळलं होतं. साल कुठे जाड निघालीय, सुरी कशी घसरलीय, हेही त्या क्षणी जिभेवर आलं होतं. हे आता तिला स्पष्ट आठवलं. राकेलेचा हात असा चालत नाही, हे तिला तेव्हाच कळलं होतं. पण त्याकडे तिनं लक्ष दिलं नाही. गावाचा शब्द आधी आठवला, बहिणीचा हात नंतर.

“मला वाटलं, टाकीवरून बोलतेयस,” ती म्हणाली.

“कुठली टाकी?”

राकेलेला खरंच आठवेना. मेनाला बापाचं नाव घेऊन, तालीचा कागद सांगून आठवण द्यावी लागली.

“ती होय,” राकेले म्हणाली. “ती मीच बाबांना सांगितली होती तुला द्यायला. तुझा नवरा पाण्यावरचा. परत नाही आला एखाद्या दिवशी, तर तू काय खाशील? त्यांनी सांगितलं होतं ना, मला विचार म्हणून?”

मेनानं तिच्या मांडीवरच्या उशीवर डोकं टेकलं आणि ती रडली, लहानपणी रडायची तशी मोठ्यानं. ओर्सोला दारातून डोकावली आणि परत गेली. राकेलेचा हात मेनाच्या केसांवर आला. तो थोपटत होता की नुसता थरथरत होता, हे सांगता येत नव्हतं, पण मेनानं डोकं हलवलं नाही.

त्या दिवसापासून मेना रोज वर जायला लागली. आन्येल्लो म्हणायचा, तिथेच राहा की, माझे गुडघे तुझे ऐकून दुखतात. ती राकेलेला भरवायची, पाणी दाट करायची आणि आठ वर्षांची साठलेली गावनिंदा सांगायची. राकेले हसली की तिच्या खांद्यावरून कळायचं. पिशवीतली बाटली तशीच होती, कारण राकेलेला पातळ काही देता येत नव्हतं. एक दिवस मेनानं त्यात बोट बुडवलं आणि तिच्या ओठांवरून फिरवलं. राकेलेनं बराच वेळ लावला. मग म्हणाली, “साखर जास्त. पांढरं झाकायला घातलीस.” आणि मेनाला कितीतरी वर्षांनी कुणीतरी खरं बोलल्याचं बरं वाटलं.

फेब्रुवारीच्या मधल्या आठवड्यात, झोपेतच, राकेले गेली. आमच्याकडे मयताच्या घरी तीन दिवस चूल पेटत नाही, नातलग-शेजारी जेवण पोचवतात. पहिल्या दिवशीचा रस्सा मेनानं केला आणि स्वतः वर नेला. चर्चमध्ये या वेळी ती पहिल्या बाकावर होती. बाया रांगेनं येऊन तिचा हात दाबत होत्या. पाववाली मेनाही आली, आणि भांडण विसरून म्हणाली, “रडू नकोस. शेवटी गोड झालं ना तुमचं, देवानं भेट घडवली.”

मेनानं मान हलवली. गोड झालं होतं ते अकरा आठवडे. त्याआधीची आठ वर्षं राकेलेनं ते हात एकटीनं सांभाळले होते, कोटाच्या खिशात घालून. देवाला मध्ये पडायची काही गरजच नव्हती. ती छोटी बाटली चाखली त्या संध्याकाळी मेनानं चारशे पायऱ्या चढायच्या होत्या, एवढंच.